वर्षाची बाकी

माझ्या कादंबरीच्या पहिल्या खर्ड्यात नऊ दिवसांच्या अंतराने दोन पौर्णिमा होत्या. पहिल्या पौर्णिमेच्या रात्री नायिका घर सोडून निघते, कारण तिला वाट दिसायला हवी होती. दुसऱ्या पौर्णिमेला ती किनाऱ्यावर पोहोचते, कारण गलबताचे शीड दुरून पांढरे दिसावे अशी माझी इच्छा होती. मधल्या नऊ दिवसांत चंद्राने काय केले असेल, याचा विचार मला शिवलाही नव्हता. खर्डा वाचणाऱ्या मैत्रिणीने समासात पेन्सिलीने एवढेच लिहिले होते : ‘यांना चंद्र किती?’

काल्पनिक जग लिहिणाऱ्याला सगळे माफ असते, अशी माझी तोवर समजूत होती. उत्तर म्हणून मी ‘दोन’ असे लिहून टाकले आणि अर्ध्या तासाने ते खोडले, कारण दोन चंद्र म्हणजे दोन हिशेब, हे तेवढ्या वेळात लक्षात आले होते. चंद्र एकच ठेवायचा, पण त्याचा हिशेब चोख ठेवायचा, असे ठरवून मी त्या जगाची कालगणना करायला बसले. एका संध्याकाळचे काम, असा अंदाज होता. त्याला पुढे सात महिने लागले, आणि त्या सात महिन्यांत कादंबरी पहिली उरली नाही.

एका संध्याकाळची कालगणना मी खरोखरच एका संध्याकाळी केली होती. बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस, वर्ष ३६० दिवसांचे, पाच दिवसांचा आठवडा आणि महिन्यांना वाऱ्यांची नावे. चौकटींच्या कागदावर ती अतिशय देखणी दिसत होती. प्रत्येक महिन्याची पहिली तारीख त्याच वारी येत होती, पौर्णिमा नेमकी पंधराव्या दिवशी, ऋतू नव्वद-नव्वद दिवसांचे. पण दोन-तीन प्रकरणे तिच्या आधाराने लिहिल्यावर जाणवले की तिचा मला काहीच उपयोग होत नाही. तिच्यात कोणाचे काही अडत नव्हते, कोणाला वाट पाहावी लागत नव्हती, कोणाशी भांडावे लागत नव्हते. ती कालगणना नव्हती, ती फरशी होती.

खऱ्या आकाशात असली फरशी कुठेच नाही. पृथ्वीचे ऋतुवर्ष ३६५.२४२२ दिवसांचे आहे आणि एका अमावास्येपासून दुसऱ्या अमावास्येपर्यंतचा चांद्रमास सरासरी २९.५३०५९ दिवसांचा. या तीन गोष्टींना, म्हणजे दिवस, महिना आणि वर्ष यांना, एकमेकींशी काही देणेघेणे नाही. एकीने दुसरीला भागले की बाकी उरतेच. बारा चांद्रमास भरतात ३५४ दिवसांच्या जरा पुढे, आणि वर्ष जवळजवळ अकरा दिवस पुढे निघून गेलेले असते. मग प्रत्येक समाजाला ठरवावे लागले की कोणाला धरायचे आणि कोणाला सोडायचे. इस्लामी कालगणनेने चंद्राला धरले, म्हणून तिचे महिने साधारण ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतात. प्राचीन इजिप्तच्या नागरी वर्षाने चंद्राला सोडले आणि ३६५ दिवसांवर समाधान मानले, तर उरलेल्या पाव दिवसाने त्यालाही फिरवले. दर चार वर्षांनी एक दिवस, असे घसरत ते वर्ष पुन्हा जागेवर यायला १४६० वर्षे लागत. ज्यांनी दोघांनाही धरायचे ठरवले त्यांना मधूनमधून एक जास्तीचा महिना घालणे भाग पडले. १९ सौरवर्षांत २३५ चांद्रमास जवळजवळ अचूक बसतात, म्हणजे १९ वर्षांत सात अधिकमास घातले की काम भागते. बॅबिलोनी आणि ग्रीक मंडळींना हे फार पूर्वीच उमगले होते.

आता गंमत अशी की कालगणनेभोवतीच्या बहुतेक कथा या बाकीतून निघालेल्या दिसतात. तीस दिवसांच्या सरळमार्गी महिन्याबद्दल कोणी कथा रचत नाही. इजिप्तच्या वर्षात तीस-तीस दिवसांचे बारा महिने संपल्यावर पाच दिवस सुटे राहत. त्यांची कथा प्लुटार्क या ग्रीक लेखकाने लिहून ठेवली आहे. आकाशदेवीला वर्षाच्या कोणत्याही महिन्यात प्रसूत होता येऊ नये असा शाप मिळाला, तेव्हा तिच्या कैवाऱ्याने चंद्राशी सोंगट्यांचा डाव मांडून त्याच्या उजेडाचे तुकडे जिंकले आणि त्या तुकड्यांतून कोणत्याच महिन्यात न मोडणारे पाच दिवस घडवले. देवीची पाच अपत्ये त्या पाच दिवसांत जन्मली. माया आणि अॅझटेक लोकांच्या ३६५ दिवसांच्या वर्षात वीस-वीस दिवसांचे अठरा महिने झाल्यावर असेच पाच दिवस उरत, आणि ते अशुभ मानले जात. वर्षाच्या कोणत्याच खोलीत जागा न मिळालेल्या दिवसांची माणसांना भीती वाटावी, हे मला फार समजण्यासारखे वाटते. माझ्या पहिल्या कालगणनेत भ्यावे असा एकही दिवस नव्हता.

म्हणून दुसऱ्या खेपेला मी उलट्या बाजूने सुरुवात केली. आधी बाकी हवी होती, मग बाकीचे सगळे. वर्ष ३९१.४ दिवसांचे आणि चांद्रमास ३७.२५ दिवसांचा, हे आकडे मी बरेच कागद फाडल्यावर ठरवले. महिना लांब हवा होता, कारण नायिका मिठागरात काम करणाऱ्या घरातली आहे. वाफ्यांत पाणी घ्यायचे ते अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणावर, आणि दोन उधाणांमधली वाट जितकी लांब तितकी तिची गोष्ट ताणलेली राहते.

आकाशाला मात्र असला लहरीपणा फुकट मिळत नाही. ग्रह पृथ्वीइतकाच जड आणि दिवस चोवीस तासांचाच धरला, तर एवढ्या लांब महिन्यासाठी चंद्र सुमारे ४,४५,००० किलोमीटरवर न्यावा लागतो. आपला चंद्र सरासरी ३,८४,४०० किलोमीटरवर आहे. चंद्राचे भरती उचलण्याचे बळ अंतराच्या घनाच्या प्रमाणात घटते, त्यामुळे तिथला चंद्र आपल्या चंद्राएवढाच जड असता तर भरतीवरचा त्याचा जोर दोन तृतीयांशाच्याही खाली गेला असता, आणि मग माझ्या मिठागरात उधाणाचे पाणी पोहोचलेच नसते. ज्या गोष्टीसाठी महिना लांबवला तीच गोष्ट त्या लांबीने मारून टाकली होती. शेवटी मी चंद्र दीडपट जड केला आणि पाणी पुन्हा जवळजवळ जुन्या उंचीवर आणले. लांबलेल्या वर्षाचेही असेच : आपल्या सूर्यासारख्याच सूर्याभोवती ३९१ दिवसांत फिरणाऱ्या ग्रहाला ऊन नऊ टक्क्यांच्या आसपास कमी मिळते. त्यासाठी मी तो सूर्य थोडासा प्रखर केला. यातले काहीही कादंबरीत येत नाही. पण हे केल्यावर पौर्णिमा लिहिताना हात कापत नाही, एवढे खरे.

मग भागाकार केला. ३९१.४ भागिले ३७.२५, उत्तर १०.५०७. त्या साडेदहाने माझे जग मला दिले. साडेदहा महिन्यांचे वर्ष मोजता येत नाही, म्हणून एक वर्ष दहा महिन्यांचे आणि पुढचे अकरा महिन्यांचे. अकराव्या महिन्याला तिथली माणसे ‘वरकड’ म्हणतात. हा शब्द मला आधी केवळ कानाला बरा वाटला होता. अर्थशास्त्राच्या मराठी पुस्तकांतले ‘वरकड मूल्य’, म्हणजे मजुराच्या श्रमातला मोबदला न मिळता मालकाकडे जाणारा भाग, मला तेव्हा आठवलेही नव्हते, ते नंतर आठवले, आणि त्याबद्दल पुढे येईलच.

पण उत्तर नेमके साडेदहा नव्हते. दशांशानंतरचे ते किरकोळ सात सहस्रांश मी आधी सोडून देणार होते. दोन वर्षांत एकवीस महिने म्हणजे ७८२.२५ दिवस, सूर्याची दोन वर्षे म्हणजे ७८२.८ दिवस. फरक अर्ध्या दिवसाहून किंचित जास्त. दोन वर्षांत अर्धा दिवस कोणाच्या ध्यानात येणार? पण तो साठत जातो, आणि सुमारे १३५ वर्षांत तो पूर्ण एका महिन्याएवढा होतो. म्हणजे १३५ वर्षांतून एकदा, अकरा महिन्यांचे वर्ष संपल्यावर पुन्हा अकरा महिन्यांचेच वर्ष आले पाहिजे. नाहीतर पावसाळा संपायच्या आत पंचांग मिठाचा हंगाम सुरू झाल्याचे सांगू लागेल. हा आकडा कागदावर उतरला तेव्हा मी खुर्चीतून उठून खोलीत फेऱ्या मारल्या होत्या, हे कबूल करते. १३५ वर्षे म्हणजे ज्याने तो लागोपाठचा वरकड पाहिला असा एकही माणूस हयात नाही, ज्याने तो पाहिला त्याला भेटलेलाही जवळपास कोणी नाही, आणि तरीही तो येणार आहे हे नक्की. असली गोष्ट मला ठरवून सुचली नसती. ती भागाकारात पडलेली होती.

हे अद्भुतरम्य वाटत असेल, तर खऱ्या पंचांगांतला क्षयमास पाहावा. भारतीय चांद्रसौर गणितात ज्या चांद्रमासात एकही संक्रांत, म्हणजे सूर्याचा नव्या राशीत प्रवेश, पडत नाही तो अधिक, आणि ज्यात दोन पडतात तिथे एका महिन्याचे नाव गळते, तो क्षय. हा क्षयमास १८२२-२३ नंतर थेट १९६३-६४ मध्ये आला, मग लगेच १९ वर्षांनी १९८२-८३ मध्ये, आणि त्यानंतरचा येईल २१२३-२४ मध्ये. एकशे एक्केचाळीस वर्षे वाट, मग एकोणीस, मग पुन्हा एकशे एक्केचाळीस. मी असे आकडे कादंबरीत घातले असते तर मैत्रिणीची पेन्सिल पुन्हा समासात आली असती.

आठवड्याची कथा वेगळी आहे, कारण आठवडा आकाशात नाहीच. तो माणसांनी आपापसात ठरवलेला आहे, आणि म्हणूनच बहुधा सर्वांत चिवट आहे. फ्रेंच क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये दहा दिवसांचा आठवडा आणला, सुट्टी सातव्याऐवजी दहाव्या दिवशी ठेवली, आणि १८०६ च्या आरंभी ती सगळी कालगणनाच मोडीत निघाली. (तिच्यातही तीस-तीस दिवसांचे बारा महिने होते. माझी फरशी कोणीतरी माझ्याआधी बसवून उखडलेली होती.) सोव्हिएत संघाने १९२९ मध्ये पाच दिवसांचा आठवडा काढला आणि कारखाने कधीच बंद पडू नयेत म्हणून कामगारांचे पाच रंगांचे पाच गट पाडून प्रत्येकाला वेगळा सुट्टीचा दिवस दिला, नवऱ्याचा रंग पिवळा आणि बायकोचा हिरवा असेल तर घरात दोघांना एकत्र सुट्टी मिळतच नसे. पुढे सहा दिवसांचा प्रयोग झाला आणि १९४० मध्ये ते सातावर परतले.

माझ्या जगात मी आठवडा सहा दिवसांचा ठेवला. तेव्हा कळले की ३७ ही मूळ संख्या आहे आणि कोणताही आठवडा तिच्यात सरळ बसणारच नाही. सहा दिवसांचे सहा फेरे होऊन एक दिवस उरतो, त्यामुळे दर महिना आदल्या महिन्यापेक्षा एक वार पुढे सरकून सुरू होतो. दर चौथा महिना ३८ दिवसांचा असतो, त्यानंतर दोन वारांची उडी. या सहा दिवसांना म्हणायचे काय, हा प्रश्न मात्र आपल्याच भाषेने सोडवला. सात दिवसांच्या गटाला आपण आठवडा म्हणतो, त्या शब्दातच आठ बसलेला आहे, कारण या वारापासून त्या वारापर्यंत मोजताना दोन्ही टोके धरायची सवय. मग सहा दिवसांचा तो ‘सातवडा’. रोमन लोक असेच मोजत. आठ दिवसांच्या त्यांच्या बाजारचक्राच्या नावात नऊ होते. या सवयीने त्यांना एकदा चांगलेच गोत्यात आणले. जुलियस सीझरने दर चौथ्या वर्षी एक दिवस वाढवावा असे ठरवले, आणि त्याच्या मृत्यूनंतर पुरोहितांनी दोन्ही टोके धरून मोजल्यामुळे तो दिवस दर तीन वर्षांनी वाढत राहिला. ३६ वर्षे हे चालले. शेवटी ऑगस्टसला काही लीप वर्षे गाळून हिशेब जुळवावा लागला. माझ्या मिठागराच्या कारकुनाला मी हीच खोड दिली आहे.

शक, संवत, वर्षाला क्रमांक कुठून द्यायचा, यावर मी फारसा वेळ घालवला नाही. दोन बंदरे, दोन वेगवेगळ्या पुरांपासून मोजलेली वर्षे, आणि दोन्हीकडच्या माणसांना आपलाच पूर मोठा वाटतो. एवढे पुरले.

खरा पेच आला तो माणसे आणि बाकी यांना एकत्र आणल्यावर. स्वीडनने १७०० सालचा लीप दिवस गाळून सीझरच्या जुन्या कालगणनेतून हळूहळू नव्या, म्हणजे आजच्या ग्रेगोरियन कालगणनेकडे सरकायचे ठरवले, पुढच्या दोन लीप वर्षांत ते गाळायचे राहूनच गेले, आणि मग सगळा बेत सोडून जुन्यावर परतण्यासाठी १७१२ मध्ये फेब्रुवारीला ३० दिवस दिले. ३० फेब्रुवारी ही तारीख जगात एकदा खरोखर उगवून मावळली आहे. त्याच बदलापायी १५८२ मध्ये काही देशांत ४ ऑक्टोबरनंतरची सकाळ १५ ऑक्टोबरची होती. ब्रिटनमध्ये हाच प्रकार १७५२ मध्ये झाला, २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर. आकाशाच्या दृष्टीने काहीच घडलेले नव्हते. पण भाडे, व्याज, पगार आणि कर आकाशाच्या दृष्टीने मोजले जात नाहीत. ब्रिटनमध्ये २५ मार्चशी बांधलेले हिशेबाचे वर्ष त्या उलथापालथीत पुढे सरकत गेले आणि तिथले करवर्ष आजही ६ एप्रिलला सुरू होते. रोममध्ये तर जास्तीचा महिना कधी घालायचा हे पुरोहितांच्या हाती होते, आणि एखाद्या अधिकाऱ्याची कारकीर्द लांबवायची की आखडायची, हे त्या महिन्यावरून ठरवता येई. हा सगळा घोळ निस्तरायला सीझरला इसवी सनपूर्व ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचे करावे लागले.

हे वाचत असताना मला माझ्याच खर्ड्यातले एक वाक्य आठवले. नायिकेचा बाप मिठागरावर ‘सालाने’ कामाला आहे, असे मी पहिल्याच पानावर लिहून ठेवले होते. सालाने म्हणजे वर्षाचा ठरलेला मोबदला. आणि त्याच पानावर मिठागराचा मालक खोपटांचे भाडे महिन्याला घेतो असेही लिहिले होते. दोन्ही वाक्ये सहज, काही मनात न ठेवता. दहा महिन्यांच्या वर्षात काही बिघडत नाही. वरकडाच्या वर्षात मात्र बाप अकरा महिने राबतो आणि दहा महिन्यांच्या वर्षाएवढाच मोबदला घेतो, शिवाय भाडे अकरा महिन्यांचे भरतो. सदतीस दिवस कोणाच्याही वहीत जमा न होता मालकाच्या कोठारात मीठ होऊन पडतात. हे दर दोन वर्षांनी घडत आलेले आहे आणि लोकांना त्याची इतकी सवय आहे की वरकडात जन्मलेल्या मुलाला ‘फुकटचा’ म्हणायची त्यांच्यात चाल आहे. माझी नायिका वरकडातली निघाली. ती घर सोडून का निघाली, याचे कारण मी पहिल्या खर्ड्यात चाळीस पाने शोधत होते; ते इथे पडलेले होते.

आणि तिच्या बाविसाव्या वर्षी तो १३५ वर्षांचा योग येतो. दगडाआडून उगवणारा सूर्य पाहणारे सांगतात की यंदा पुन्हा अकरा महिने. त्यांचे गणित बरोबर आहे, आणि मला ते बरोबरच ठेवायचे होते. कारस्थानी ज्योतिषी दाखवून मालकाला खलनायक करणे सोपे होते, पण मग सगळा दोष एका खोटारड्या माणसावर गेला असता. इथे कोणी खोटे बोलत नाही. महिना घातला नाही तर हंगाम चुकेल, घातला तर दोन वर्षांत दोन महिने फुकट राबावे लागेल. बाकी कुठेतरी टाकावीच लागते, आणि मालकाला ती आजवर ज्यांच्या अंगावर टाकली त्यांच्याच अंगावर टाकण्यात काही वावगे दिसत नाही. कारकून म्हणतो, मागच्या वेळीही असेच झाले होते. मागची वेळ कोणीच पाहिलेली नाही.

नवे शेवटचे प्रकरण म्हणून मिठाच्या कोठारात घडते. तिथल्या लाकडी खांबांवर दर नव्या चंद्रकोरीला एक खाच पाडायची जुनी रीत आहे, आणि वर्ष संपले की आडवी रेघ. नायिका रात्री तिथे शिरते, दिवा लावता येत नाही म्हणून बोटांनी वाचत जाते : दहा खाचा, रेघ, अकरा खाचा, रेघ, पुन्हा दहा. सर्वांत जुना खांब गोण्यांच्या मागे आहे, मिठाने खाल्लेला. गुडघ्यांवर बसून ती जमिनीलगत हात फिरवते. अकरा, रेघ. नंतर पुन्हा अकरा. ती परत मोजते, अकराच. आणि त्या शेवटच्या खाचेशेजारी, बोटाला जेमतेम लागतील असे, नखाने किंवा खिळ्याने ओढलेले बारीक ओरखडे आहेत, एकाखाली एक. त्या महिन्यातला प्रत्येक दिवस कोणीतरी मोजून ठेवला होता.

ते ओरखडे मी सदतीस लिहिले होते. छापायला देण्याआधी तक्ता काढून पाहिला, महिने पुन्हा एकदा मागे मोजत नेले, तर तो महिना चौथ्या फेऱ्याचा निघाला, अडतीस दिवसांचा. मी आणखी एक ओरखडा वाढवला.